सुवर्णकाळाचे सनातनी

दिवाळीच्या दिवसांत कोणाच्या ताटातला लाडू काढून घेऊ नये, हा शिष्टाचार मला ठाऊक आहे. तरी आज मी तो मोडणार आहे. लाडू बेसनाचा नाही, आठवणींचा आहे. आणि तो वर्षानुवर्षे खाऊन आमच्या गावाचे पोट बिघडले आहे, असे माझे स्पष्ट मत झाले आहे.

आमच्या तालुक्याच्या गावी नरकचतुर्दशीला ‘दिवाळी पहाट’ होते. सुरुवातीची काही वर्षे तीत अभंग आणि नाट्यगीते असत, पुढे भावगीते आली, आणि आता चार-पाच वर्षांपासून जुन्या हिंदी चित्रपटगीतांनी सगळे व्यासपीठ व्यापले आहे. अभ्यंगस्नान आटोपून, अत्तर लावून, रेशमी झब्बे घालून मंडळी पाच वाजता खुर्च्या धरतात. निवेदक मफलर सावरतो, डोळे मिटतो आणि पहिल्याच वाक्यात सांगून टाकतो की, असे संगीत आता होणे नाही. सगळा मांडव ‘वा!’ म्हणतो. गाणे अजून सुरू व्हायचे असते. ‘वा’ आधीच होऊन जाते.

गेल्या वर्षी याच निवेदकाने पुढच्या रांगेत पेंगणाऱ्या पोरांकडे बोट दाखवून म्हटले, “यांचा काय दोष? यांच्या नशिबी गोंगाटच आला!” मांडवात हशा पिकला. माझी मुलगी शेजारी बसली होती. ती हळूच म्हणाली, “बाबा, गोंगाट म्हणजे आमची गाणी का?” माझ्या तोंडात चिवड्याचा घास होता. तो गिळेपर्यंत पुढचे गाणे सुरू झाले आणि उत्तर राहून गेले. ते उत्तर आज देतो आहे. थोडे लांबेल, वाचकांनी फराळाचे ताट जवळ ठेवावे.

प्रथमच एक कबुली देतो, म्हणजे कोणी मला औरंगजेब ठरवायला नको. ही जुनी गाणी मला प्राणांपलीकडे प्रिय आहेत. तीस-चाळीस वादक, गायक, संगीतकार एका खोलीत एका वेळी उभे राहत, आणि शेवटच्या कडव्यात एखाद्या व्हायोलिनवाल्याचा हात चुकला की सगळे पुन्हा पहिल्यापासून सुरू करीत, ह्या शिस्तीपुढे मी आजही हात जोडतो. शब्द लिहिणारे खरोखरच कवी होते. माझे भांडण गाण्यांशी नाही. ‘सुवर्णकाळ’ नावाचा जो एक पंथ निघाला आहे, त्याच्या सनातन्यांशी आहे. सोवळ्यात बसून दुसऱ्याला शिवू न देण्याची कला आपल्या समाजाला पूर्वीपासून चांगलीच अवगत आहे. तीच ही मंडळी आता गाण्यांत चालवीत आहेत.

त्यांचा पहिला सिद्धान्त असा की, पन्नास-साठच्या दशकांतली गाणी निर्मळ होती आणि तेव्हाच्या सुसंस्कृत माणसांना ती आवडत असत. हे धादांत खोटे आहे. माझे आजोबा सुसंस्कृत गृहस्थ होते. दर एकादशीला विठ्ठलमंदिरात पखवाज वाजवीत. माझे वडील तेव्हा शाळकरी पोर. बुधवारी रात्री आठ वाजता ते गावातल्या शिंप्याच्या दुकानात पसार होत, कारण रेडिओ तिथे होता आणि रेडिओ सिलोनवरची ‘बिनाका गीतमाला’ तिथे ऐकायला मिळे. शॉर्टवेव्हचा आवाज लाटेसारखा वरखाली व्हायचा; ऐन अंतऱ्यात गाणे समुद्रात बुडे आणि ध्रुवपदाला वर येई. शिंपी मशीन थांबवून ठेवी. एका बुधवारी आजोबांनी वडिलांना त्या दुकानातून कान धरून घरी आणले आणि साऱ्या आळीला ऐकू जाईल अशा आवाजात विचारले, “ही कसली उठवळ गाणी? हा माणूस गातोय की नाकातून रडतोय?” तो माणूस म्हणजे मुकेश. परवाच्या पहाटेला त्याच मुकेशच्या गाण्यावर आमचे निवृत्त मामलेदार डोळे पुसत होते.

तुम्ही म्हणाल, तुमचे आजोबा खेड्यातले, त्यांचे काय घेऊन बसलात! ठीक आहे. मग दिल्लीला जाऊ. डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकर 1952 साली केंद्रात माहिती आणि नभोवाणी खात्याचे मंत्री झाले आणि 1962 पर्यंत त्या जागेवर राहिले. माणूस मराठी, विद्वान, शास्त्रीय संगीताचा जाणकार, आणि हेतू अगदी स्वच्छ. हिंदी चित्रपटगीते हलकी आहेत, परदेशी चालींची आणि वाद्यांची उसनवारी करतात आणि देशाची अभिरुची बिघडवतात, असे त्यांचे ठाम मत होते. त्यांनी नभोवाणीवरच्या चित्रपटगीतांना कात्री लावली. निर्मात्यांशी बिनसले आणि थोड्याच महिन्यांत सरकारी नभोवाणीवरून ही गाणी जवळजवळ नाहीशी झाली.

आता ही कात्री कोणत्या गाण्यांवर चालली, ते पाहा. ‘आवारा’ आणि ‘अलबेला’ 1951 चे. ‘बैजू बावरा’ 1952 चा. त्यात तर साक्षात उस्ताद अमीर खाँ आणि पंडित द. वि. पलुसकर गायले आहेत. ‘अनारकली’ 1953 चा. म्हणजे आज ज्या गाण्यांच्या नावाने पहाटे पाच वाजता निरांजने ओवाळतात, त्याच गाण्यांना त्या काळच्या सुसंस्कृत माणसांनी उंबऱ्याबाहेर ठेवले होते. आमचे सुवर्णकाळवाले 1952 साली मंत्रिपदावर असते, तर त्यांनी काय केले असते याविषयी मला तिळमात्र शंका नाही.

लोक काही ऐकायचे थांबले नाहीत. ते कानांनी समुद्र ओलांडून कोलंबोला गेले. डिसेंबर 1952 मध्ये ‘बिनाका गीतमाला’ सुरू झाली तेव्हा अमीन सयानी जेमतेम वीस वर्षांचे होते. फेब्रुवारी 2024 मध्ये ते गेले, तेव्हा वर्तमानपत्रांनी त्यांच्यावर पानेच्या पाने लिहिली. शेवटी सरकारही शहाणे झाले. 1957 च्या ऑक्टोबरात ‘विविध भारती’ निघाली आणि हद्दपार झालेली गाणी पाहुण्यांसारखी सन्मानाने घरी परत आली.

केसकरांवर एकतर्फी फिर्याद मात्र करणार नाही. त्यांच्याच कारकिर्दीत, 1955-56 ह्या वर्षांत, पुणे केंद्रावरून गदिमा आणि सुधीर फडके यांचे ‘गीतरामायण’ झाले. छप्पन्न गीते, आठवड्याला एक. आजोबा रेडिओला हार घालणाऱ्यांपैकी होते, असे आई सांगे. तेव्हा नभोवाणीने चांगले काही दिलेच नाही असे कोण म्हणेल? माझे म्हणणे इतकेच, की गीतरामायण घडवायला ‘अलबेला’चा गळा दाबावा लागत नव्हता. माझ्या वडिलांच्या एकाच कानात दोन्ही सुखाने राहत होती.

दुसरा सिद्धान्त असा की, त्या काळी वाईट गाणे नव्हतेच. ह्याला उत्तर द्यायला शाळामास्तराचा हिशेब पुरेसा आहे. वर्षाला शंभराच्या आसपास हिंदी चित्रपट, चित्रपटात आठ-दहा गाणी. म्हणजे दहा वर्षांत आठ-दहा हजार. मैफलीत म्हटली जातात ती तीच ती चाळीस. उरलेली कुठे गेली? काळाच्या चाळणीतून खाली पडली, आणि बरीचशी योग्यच पडली. गेल्या पिढीचे चाळून घेतलेले पीठ आणि आजच्या पिढीचा न निवडलेला गहू शेजारी ठेवायचा आणि म्हणायचे, बघा, ह्यात खडे किती! कोणत्याही गृहिणीला हा कावा कळेल.

तिसरी गोष्ट ह्याहून गंभीर आहे, आणि इथे मला विनोद सुचत नाही. सुवर्णकाळ म्हणतात, पण ते सोने कोणाच्या हाती लागले? ‘महल’ 1949 साली आला. त्यातल्या ज्या गाण्याने लताबाईंना घराघरांत नेले, त्याच्या ध्वनिमुद्रिकेवर त्यांचे नाव नव्हते. ‘कामिनी’ छापले होते. कामिनी म्हणजे मधुबालाने केलेल्या पात्राचे नाव! फिल्मफेअरची पारितोषिके 1954 पासून सुरू झाली, संगीतकाराला मिळू लागली. पण गाणाऱ्या गळ्यासाठी वेगळे पारितोषिक 1959 पर्यंत नव्हते, आणि तेही लताबाई अडून बसल्या म्हणून निघाले. त्याच लताबाईंचा आवाज ‘फार पातळ’ म्हणून ‘शहीद’च्या वेळी एका मोठ्या निर्मात्याने नाकारला होता, हेही आपले निवेदक सांगतात, पण सांगताना निर्मात्याला हसतात. आज आपण कोणाचा आवाज पातळ ठरवतो आहोत, हा प्रश्न त्यांना शिवत नाही.

ही तर पुढे विश्वविख्यात झालेल्या गायिकेची कथा. मागच्या रांगेतल्यांचे काय? ज्या सुरावटींवर आपण माना डोलावतो, त्यांतले व्हायोलिनचे थवे आणि तुताऱ्यांचे झोत कागदावर उतरवणारी माणसे बहुतांश गोव्याची होती. पोर्तुगीज अमदानीत चर्चच्या शाळांतून त्यांना पाश्चात्त्य स्वरलिपी शिकवली जाई. ती विद्या पोटाशी बांधून ही मंडळी मुंबईला आली, हॉटेलांत आणि क्लबांत वाजवू लागली, तिथून स्टुडिओत शिरली. संगीतकाराने पेटीवर चाल गुणगुणायची आणि ह्यांनी तिला चाळीस वाद्यांचे अंग द्यायचे. ह्या कामाला धंद्यात अरेंजर म्हणत. शंकर-जयकिशन यांच्या संगीतामागे सेबास्टियन डिसोझा होते. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस होते. प्यारेलाल त्यांच्याकडे व्हायोलिन शिकले. पडद्यावरच्या नामावळीत ह्या माणसांना बहुधा जागा नसे. अँथनी गोन्साल्विस हे नाव साऱ्या देशाच्या तोंडी झाले ते 1977 च्या ‘अमर अकबर अँथनी’त, शिष्याने गुरूला केलेल्या नमस्कारामुळे, आणि ते नाव एका खऱ्या, हयात माणसाचे आहे हे गाणे म्हणणाऱ्या लाखोंच्या गावीही नव्हते. 2012 साली ते गोव्यात वारले. इतक्या वर्षांत आमच्या पहाटेच्या एकाही निवेदकाच्या तोंडून मी हे नाव ऐकलेले नाही. खऱ्याखुऱ्या आठवणीत कष्ट असतात, शोध असतो. हे स्मरणरंजन म्हणजे त्याच त्या चाळीस गाण्यांची आणि त्याच त्या चार किश्श्यांची जपमाळ आहे.

आता माझ्या स्वतःच्या पिढीकडे वळतो, कारण दुसऱ्याच्या डोळ्यांतले कुसळ काढणे फार झाले. मी चाळिशी ओलांडलेला मनुष्य. ‘आशिकी’ आला 1990 साली. मी तेव्हा दहा वर्षांचा होतो. आमच्या घरी एक टेपरेकॉर्डर होता आणि गावातल्या घड्याळजीकडे कॅसेटी मिळत. फीत गुंतली की पेन्सिल घालून ती गुंडाळायची, हे कसब माझ्याइतके आळीत कोणाला साधत नव्हते. नदीम-श्रवण, कुमार सानू, अनुराधा पौडवाल ही आमची दैवते. कुमार सानूंनी लागोपाठ पाच वर्षे फिल्मफेअरचे पारितोषिक घेतले, ते आम्ही घरचे कार्य असल्यासारखे साजरे केले. आणि माझे वडील, ज्यांना शिंप्याच्या दुकानातून कान धरून आणले होते तेच, दारात उभे राहून म्हणाले, “हा कोण नाकात गाणारा आणलास? बंद कर ते!” आजोबा तेव्हा पंचाहत्तरीचे, ओसरीवर बसलेले. त्यांनी मान वर करून मुलाकडे पाहिले, आणि आयुष्यात पहिल्यांदाच मी त्यांना खोखो हसताना पाहिले.

त्या दशकाला तेव्हाच्या जाणत्यांनी काय काय म्हटले ते आठवते का? ‘खलनायक’मधल्या चोळीच्या गाण्यावरून 1993 साली प्रकरण कोर्टात गेले. ‘खुद्दार’मधल्या एका गाण्यातला शब्द 1994 साली बदलावा लागला. चाली उचलल्याचे आरोप रोजचे होते, आणि ते खोटेही नव्हते. ‘मोहरा’चे 1994 चे गाजलेले गाणे आणि ‘याराना’चे 1995 चे, दोन्ही नुसरत फतेह अली खाँ यांच्या चालींवर बेतलेली. जे गाणे आम्ही दांडियात नाचून गायलो, त्याचे मूळ सिंधमधल्या सेहवानच्या दर्ग्यातल्या पिराच्या स्तुतीत आहे, हे मला पस्तिशीत कळले. कळल्यावर गाणे कमी आवडले का? नाही. पण ‘आमच्या वेळचे अस्सल आणि आताचे उसने’ हे वाक्य त्यानंतर तोंडातून निघणे बंद झाले.

माझ्या दहावीच्या तुकडीचा व्हॉट्सअॅपवर एक गट आहे. तिथे रोज सकाळी कोणीतरी त्याच काळातले गाणे पाठवतो आणि खाली बारा जण लिहितात, ‘गेले ते दिवस!’ हो, गेले ते दिवस. त्या दिवसांत मोहल्ल्या-मोहल्ल्यांत दंगली झाल्या, मुंबईत 1993 साली बाँबस्फोट झाले. ज्या कंपनीच्या कॅसेटी आम्ही ऐकत होतो तिच्या मालकाला, गुलशन कुमार यांना, 12 ऑगस्ट 1997 रोजी अंधेरीत देवळाबाहेर गोळ्या घातल्या. दशक काही नुसते बागेत फिरणारे नव्हते. फिरत होतो आम्ही, कारण आम्हाला मिसरूड फुटत होती आणि घरखर्च बापाच्या अंगावर होता.

ह्या हळव्या व्यसनाचा धंदाही झाला आहे. 2017 साली जुन्या रेडिओच्या रूपातली एक पेटी बाजारात आली, ‘कारवाँ’ नावाची. आत पाच हजार गाणी आधीच भरलेली. पुढच्या वर्षीच्या दिवाळीत मीही ती वडिलांसाठी घेतली. तीत अमीन सयानींची गीतमालासुद्धा होती. म्हातारा आठ दिवस हरखून गेला. नवव्या दिवशी पेटी कपाटावर चढली. मी विचारले, “का हो, बिघडली काय?” म्हणाले, “नाही रे. सगळं आहे तिच्यात. फक्त बुधवार नाही.” वर्षभरात ते गेले. साहित्यशास्त्रातली पुस्तके वाचून मला जे कळले नव्हते, ते त्या गृहस्थाने एका वाक्यात सांगितले होते. त्यांना गाणे नको होते. सहा दिवसांची वाट, शिंप्याचे थांबलेले मशीन आणि परतताना कानाला बसणारा पीळ हवा होता. ती वस्तू विकत मिळत नाही हे त्यांना ठाऊक होते. आमच्या मांडवातल्या लोकांना ते ठाऊक नाही, म्हणून ते दरवर्षी तिकीट काढतात.

चित्रपटवाल्यांचेही तेच. ज्या ‘मोहरा’चा उल्लेख केला, त्यातले एक गाणे 2017 च्या ‘मशीन’मध्ये पुन्हा आले आणि दुसरे 2021 च्या ‘सूर्यवंशी’मध्ये. म्हणजे उसन्याचे पुन्हा उसने! आणि मग हीच मंडळी म्हणणार, आजकाल नवे काही होत नाही. बाबांनो, होईल कसे? तुम्ही जुन्यालाच पैसे मोजता. नव्या चालीला पाय टाकायला जागा कुठे ठेवली आहे?

इथवर सारे भांडण दुसऱ्यांशी झाले. पण ज्या प्रसंगामुळे हा लेख लिहायला बसलो, त्यात आरोपीच्या पिंजऱ्यात मी आहे.

दोन वर्षांपूर्वीची गोष्ट. ज्या शाळेत मी शिकलो तिथेच आता शिकवतो. स्नेहसंमेलनाच्या ध्वनिवर्धकाचा आणि दिव्यांचा खर्च माजी विद्यार्थ्यांच्या एका तुकडीने उचलला, माझीच तुकडी. त्यांची एकच प्रेमळ अट होती, की कार्यक्रम ‘नव्वदीचा सुवर्णकाळ’ ह्या विषयावर असावा. निवड समितीत आम्ही पाच जण होतो. नववीतला एक मुलगा दोनशे पानी वही घेऊन आला. बाप वीटभट्टीवर कामाला, आई दुसऱ्यांच्या शेतात खुरपायला. म्हणाला, “सर, मी लिहिलंय. म्हणून दाखवू?” आणि बाकावर बोटांनी ठेका धरून त्याने सुरुवात केली.

2020 च्या टाळेबंदीतले गाणे होते ते. तीन भावंडे, एक मोबाईल, आणि तो मोबाईल सकाळी बापाबरोबर भट्टीवर जाणार. संध्याकाळी सात वाजता तो घरी येणार, तोवर सरांचा तास होऊन गेलेला. मग थोरला, मधला आणि धाकटी ह्यांची वाटणी; रेंज फक्त पाण्याच्या टाकीवर, तेव्हा तिघांनी शिडीने वर चढायचे. एकदा धाकटी अर्ध्या शिडीवरून घसरली, पण मोबाईल तिने वर धरून ठेवला, असे एक कडवे होते. आणि प्रत्येक कडव्याच्या शेवटी पडद्यावरचे सर विचारतात, “आवाज येतोय का?” ते सर म्हणजे मी. त्या दिवसांत दर पाच मिनिटांनी मी हेच विचारीत असे. पोराने माझा हेल अगदी हुबेहूब उचलला होता. आम्ही पाचही जण हसलो आणि मग हसू घशात अडकले.

चर्चा सुरू झाली. एकजण म्हणाले, विषयात बसत नाही. दुसऱ्या बाई म्हणाल्या, प्रमुख पाहुण्यांसमोर गरिबीचे प्रदर्शन नको. तिसरे, जे स्वतः उत्तम पेटी वाजवतात, म्हणाले, “हे गाणे कुठे आहे? नुसते बोलणे आहे. ह्याला चाल कुठे आहे?”

हे वाक्य मी ओळखले. ओसरीवर ऐकले होते, दारात ऐकले होते. आजोबांच्या तोंडचे, वडिलांच्या तोंडचे. मला तेव्हा बोलायला हवे होते. केसकरांची सारी कथा तेव्हाही मला पाठ होती. वर्गात मी ती रंगवून सांगतो. पण माझ्या तुकडीने पैसे दिले होते, घड्याळात साडेपाच वाजले होते, शेवटची एस.टी. सहाची होती. मी मान डोलावली.

मुलाचा आवाज चांगला होता, म्हणून त्याला ‘आशिकी’तले एक गाणे दिले. त्याने ते आठ दिवसांत बसवले आणि मोबाईलवरच्या तयार वाद्यमेळाबरोबर नीटनेटके म्हटले. माझे वर्गमित्र उठून उभे राहिले. एकाने जागेवरच पाचशे रुपयांचे बक्षीस दिले. सगळे म्हणाले, पोराला काय सुरेख गळा आहे! तो हसला, पाया पडला, खाली उतरला. छायाचित्रात मीही आहे, पाठीवर हात ठेवून.

पुढच्या जूनमध्ये शाळेच्या हस्तलिखितासाठी मी त्याला हटकले. म्हटले, “अरे, ती वही आण. तुझे ते टाकीवरचे गाणे छापू.” तो दहावीत गेला होता, उंच झाला होता. माझ्याकडे न पाहता म्हणाला, “सर, ते आता जुनं झालं.” मी पुन्हा एकदा विचारले, मग विचारले नाही. यंदा तो दहावी होऊन आय.टी.आय.ला गेला. वहीचे काय झाले, मला माहीत नाही.

परवा दिवाळी पहाटेची वर्गणी मागायला मंडळी आली होती. मी पाचशे रुपये दिले आणि कार्यक्रमात गावातल्या मुलांसाठी पंधरा मिनिटे मागितली. त्यांनी स्वतः केलेले, त्यांना हवे ते, मग त्याला चाल असो वा नसो. अध्यक्ष म्हणाले, “मास्तर, पहाटेच्या वेळी गोंगाट शोभेल का?” चिटणीसांनी वहीत टिपून घेतले आणि सांगितले, विषय सभेपुढे ठेवू. सभा रविवारी सकाळी दहा वाजता, मारुतीच्या देवळात आहे. मुलीला घेऊन जाणार आहे.